फिरती आग : वीटभट्टीच्या दीडशे वर्षांची गोष्ट

१/
कुंभाराच्या आव्यात आग एका जागी लागते, एका जागी विझते. पंजाब, उत्तर प्रदेश, बिहार किंवा बांगलादेशातल्या मोठ्या वीटभट्टीत मात्र उलटा प्रकार असतो. तिथे वीट जागेवर बसून राहते आणि आग चालते. पावसाळा सरल्यावर एकदा पेटवलेला हा अग्नी लंबगोल चराच्या पोटातून रोज काही मीटर पुढे सरकतो, फेऱ्यांमागून फेऱ्या घालतो आणि पुढचा पाऊस येईपर्यंत विझत नाही. ही कल्पना प्रशियात जन्मली, हिंदुस्थानात तिचे छप्पर काढले गेले आणि त्या छपराबरोबर आणखीही काही गळून पडले. हा धागा त्याचा आहे.

२/
आधी पसारा पाहू. जगात दरवर्षी सुमारे दीड लाख कोटी विटा तयार होतात, असा सर्वसाधारण अंदाज दिला जातो. त्यांतल्या निम्म्याहून अधिक चीनच्या. दुसरा क्रमांक भारताचा आणि त्याच्या मागे पाकिस्तान व बांगलादेश. पोलाद, सिमेंट, कापड या उद्योगांचे इतिहास लिहिले गेले, त्यांच्या घराण्यांची चरित्रे निघाली. विटेचा उद्योग मात्र गावाबाहेरच्या शेतात, हंगामी माणसांच्या हातावर चालत आला. त्यामुळे इतक्या अवाढव्य धंद्याची नोंद जागतिक इतिहासात फारच तुटपुंजी आढळते.

३/
जुनी पद्धत सोपी होती. कच्च्या विटा रचायच्या, मध्ये लाकूड, तूस, शेणी किंवा कोळसा भरायचा, बाहेरून मातीने लिंपायचे आणि पेटवून द्यायचे. कोकणात आणि देशावर ही भट्टी आजही लागते. दोष एकच, पण मोठा. हजार अंशांच्या आसपास तापलेली वीट निवताना तिची सगळी उष्णता आकाशात जाते. पुढची रास लावायची तर पुन्हा शून्यापासून सुरुवात. कडेच्या विटा कच्च्या राहतात, मधल्या जळून वेड्यावाकड्या होतात. इंधन स्वस्त होते आणि शहरे लहान होती, तोवर हे खपून गेले.

४/
एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर प्रशियात ते खपेनासे झाले. बर्लिन वाढत होते, रेल्वेचे पूल, स्थानके, गोदामे आणि भाड्याच्या चाळवजा इमारती उठत होत्या. फ्रीडरिश हॉफमन (१८१८–१९००) हा बर्लिनच्या बांधकाम अकादमीत शिकलेला, रेल्वेच्या बांधकामावर काम केलेला अभियंता. शिंकेल या वास्तुकाराने उभारलेली त्या अकादमीची इमारतच उघड्या विटांची होती, हा योगायोग लक्षात ठेवण्याजोगा. डान्झिगचा नगर-वास्तुकार लिख्त याच्यासह हॉफमनने १८५८ मध्ये एका वर्तुळाकार भट्टीचे पेटंट घेतले.

५/
या भट्टीची युक्ती नीट समजून घ्यावी, कारण पुढची सारी गोष्ट तिच्यावर उभी आहे. कल्पना करावी की बारा खोल्या कड्यासारख्या गोल मांडल्या आहेत, वर कमानीचे छत आहे आणि मधोमध उंच चिमणी आहे. एका खोलीत आग आहे. तिच्या मागच्या खोल्यांत भाजून झालेल्या, निवत चाललेल्या विटा आहेत आणि पुढच्या खोल्यांत कच्च्या. बाहेरची थंड हवा आधी मागच्या तापलेल्या विटांमधून येते. त्या विटा निवतात आणि हवा तापते. ती तापलेली हवा आगीपर्यंत पोचते, तेव्हा कोळसा थोडा असला तरी भडकून जळतो.

६/
आगीतून निघालेला गरम धूर थेट चिमणीत जात नाही. तो पुढच्या कच्च्या विटांमधून फिरवला जातो, त्यांची ओल काढतो, त्यांना ऊब देतो आणि मगच बाहेर पडतो. एक खोली भाजून झाली की आग पुढच्या खोलीत. मागच्या टोकाला मजूर पक्क्या विटा काढत असतात, त्याच वेळी पुढच्या टोकाला कच्च्या रचत असतात. कडे पूर्ण झाले तरी थांबायचे कारण नाही. जुन्या भट्टीला लागणाऱ्या इंधनाच्या सुमारे तिसऱ्या हिश्शात काम होऊ लागले. १८६७ च्या पॅरिस प्रदर्शनात हॉफमनला मोठे पारितोषिक मिळाले, यात नवल नाही.

७/
पेटंटाचा शेवट मात्र कडू झाला. अशाच कल्पनेची भट्टी फ्युर्स्टनवाल्ड येथे आर्नोल्ड नावाच्या बांधकाम-कारागिराने हॉफमनच्या आधीच बांधली होती, हे प्रतिस्पर्ध्यांनी पुढे आणले आणि १८७० मध्ये प्रशियातले पेटंट रद्द झाले. हॉफमनचे त्यात नुकसान झाले. जगाला मात्र भट्टी फुकट मिळाली. बर्लिनच्या उत्तरेस त्सेडेनिक परिसरात १८८७ मध्ये रेल्वेमार्ग टाकताना मातीचे प्रचंड साठे सापडले. तिथे या कडेभट्ट्यांची रांगच उभी राहिली आणि विटा नावांमधून बर्लिनला जाऊ लागल्या.

८/
या भट्ट्यांवर काम कोण करीत होते? ‘युरोपातील यंत्रयुग’ म्हटले की डोळ्यांसमोर येणारा कारखान्याचा कामगार तो नव्हे. लिपे या छोट्याशा जर्मन संस्थानातले हजारो पुरुष दर वसंतात गाव सोडून उत्तर जर्मनी, हॉलंड आणि डेन्मार्कच्या वीटभट्ट्यांवर जात व शरदात परतत. शतकाच्या अखेरीस त्यांची संख्या दहा हजारांच्या वर गेली होती. टोळी करून जायचे, एका मुकादमाने ठेका घ्यायचा, मजुरी नगावर मोजायची, जेवण-खाण एकत्र, हंगाम संपल्यावर हिशेब. ऊसतोडीला जाणाऱ्या बीडच्या माणसाला यातले काहीच परके वाटणार नाही.

९/
इंग्लंडमध्ये चित्र आणखी काळे होते. तिथे वीटभट्ट्यांवर लहान मुले-मुली राबत. स्टॅफर्डशायरमधला जॉर्ज स्मिथ (१८३१–१८९५) हा त्यांतलाच एक. नवव्या वर्षी तो डोक्यावर चाळीस पौंडांचा मातीचा गोळा घेऊन दिवसाचे तेरा तास ढिगापासून साच्याच्या टेबलापर्यंत खेपा घालीत असे. पुढे तो शिकला, कोलव्हिल येथील वीट-कौलांच्या कारखान्याचा व्यवस्थापक झाला. अशी माणसे वर चढल्यावर सहसा मागे पाहत नाहीत. स्मिथने पाहिले. १८७१ मध्ये त्याने भट्ट्यांवरील मुलांच्या हालअपेष्टांवर पुस्तक प्रसिद्ध केले.

१०/
त्याच वर्षी ब्रिटिश संसदेने कारखाना कायद्याची कक्षा वाढवून वीट व कौलांचे कारखाने त्यात आणले. दहा वर्षांखालील मुलांना आणि सोळा वर्षांखालील मुलींना या कामावर ठेवण्यास बंदी झाली. स्मिथला या यशाची किंमत नोकरीने मोजावी लागली. त्याच्या वाट्याला पुढे बराच काळ दारिद्र्य आले. पण कायदा झाला तो झाला. इंग्लंडमधली भट्टी सरकारी निरीक्षकाच्या नजरेखाली आली. सन १८७१. हे साल लक्षात असू द्यावे.

११/
आता हिंदुस्थान. १८५७ च्या आगेमागे रेल्वेचे जाळे विणले जात होते आणि रेल्वेला विटांची भूक होती. ती भूक किती आंधळी होती याचा पुरावा हडप्पा. लाहोर–मुलतान मार्गाच्या बांधणीत कंत्राटदारांनी रावीकाठच्या एका टेकाडातून तयार भाजक्या विटा उपसल्या आणि रुळांखाली भराव म्हणून टाकल्या. सुमारे शंभर मैलांचा मार्ग या विटांवर उभा राहिल्याचे अलेक्झांडर कनिंगहॅमने नोंदवले. जाडी, रुंदी, लांबी यांचे एकास दोनास चार हे प्रमाण पाळणाऱ्या त्या विटा चार हजारांहून अधिक वर्षांच्या होत्या. ते कळायला १९२४ साल उजाडावे लागले.

१२/
प्रत्येक मार्गावर हडप्पा नव्हते. कालवे, छावण्या, पूल, स्थानके, कचेऱ्या सगळ्यांना नवी वीट हवी होती आणि गंगा-सिंधूच्या मैदानात दगड नाही. माती मात्र हवी तेवढी. हॉफमनची भट्टी इथे आणता आली असती. पण तिला पक्के बांधकाम, कमानी छत, उंच स्थिर चिमणी आणि मोठे भांडवल लागे. शिवाय ती एका जागी कायमची बसे. इकडे काम सतत पुढे सरकत होते. कालवा दहा मैल पुढे गेला की भट्टीही तिकडे हवी. माती संपली की शेत सोडून दुसरे शेत धरायला हवे.

१३/
१८७६ मध्ये डब्ल्यू. बुल या ब्रिटिश अभियंत्याने यावर तोड काढली. हॉफमनचे कडे त्याने जमिनीत उतरवले आणि वरची कमान काढून टाकली. लंबगोल चर खणायचा, त्यात कच्च्या विटा मोजून फटी ठेवून रचायच्या आणि वर विटांचा थर देऊन त्यावर राख-मातीचा जाड पांघरूणासारखा थर पसरायचा. हेच छप्पर. चिमणी पत्र्याची आणि उचलून नेता येणारी. आग पुढे सरकली की माणसे चिमणी उचलून पुढे मांडणार. इंग्रजीत आजही या भट्टीला बुलचेच नाव आहे, पण तिच्यावर काम करणाऱ्या कोट्यवधी माणसांपैकी कुणी ते ऐकले असेल असे नाही.

१४/
अभियांत्रिकीच्या दृष्टीने ही कल्पना खरोखर हुशारीची होती, हे मान्य करावे लागते. हॉफमनच्या युक्तीचा गाभा म्हणजे मागच्या उष्णतेने हवा तापवणे आणि पुढच्या विटा धुराने वाळवणे. तो बहुतांशी शाबूत राहिला आणि खर्च एका शेतमालकाच्या आवाक्यात आला. दिवसाला वीस ते पन्नास हजार विटा देणारी भट्टी जवळजवळ बांधकामाशिवाय उभी राहू लागली. म्हणूनच ती रेल्वेबरोबर संपली नाही. दीडशे वर्षे टिकली.

१५/
पण कमान काढली तेव्हा आगीच्या माथ्यावर माणूस आला. भट्टीच्या वरून, राखेच्या थरावर चालत, छोटी झाकणे उघडून दर थोड्या वेळाने मूठ-मूठ कोळसा आत टाकायचा, हे काम उत्तर भारतात ‘जलाईवाले’ करतात. पाय भाजू नयेत म्हणून त्यांच्या पायांत लाकडी तळव्यांच्या चपला असतात. झाकणातून दिसणाऱ्या ज्वाळेच्या रंगावरून आत किती ताप आहे हे ते सांगतात. या कामातले अनेक वाकबगार उत्तर प्रदेशातल्या प्रतापगड भागातून येतात. हे ज्ञान कुठल्याही पदविकेत मिळत नाही, आणि त्याला पदविकेचा मोबदलाही नाही.

१६/
बाकीची उतरंडही ठरलेली. माती मळून साच्याने विटा पाडणारे ते पथेर, वाळलेल्या विटा वाहून आणणारे भराईवाले, चरात रचणारे बेलदार, वरचा राखेचा थर पसरणारे राबिशवाले आणि पक्की वीट बाहेर काढणारे निकासीवाले. सर्वांत मोठा गट पथेरांचा आणि तोच सर्वांत खाली. तिथे मजुरी माणसाला मिळत नाही. ती हजार विटांना मिळते. नवरा गारा करतो, बायको साचा मारते, मुले विटा पलटून वाळत घालतात. हजेरीच्या वहीत नाव मात्र एकाच पुरुषाचे.

१७/
आता पुन्हा १८७१ कडे. इंग्लंडने भट्टीवरच्या मुलांसाठी कायदा केला आणि पाचच वर्षांनी एका इंग्रजाने हिंदुस्थानला भट्टी दिली. कायदा तिच्याबरोबर आला नाही. १८८१ चा हिंदुस्थानातला पहिला कारखाना कायदा यंत्रशक्ती वापरणाऱ्या आणि शंभर किंवा अधिक माणसे असणाऱ्या कारखान्यांपुरता होता. मुंबईच्या गिरणीत सात वर्षांखालील मुलाला मनाई झाली. भट्टीत यंत्र नव्हते, म्हणून ती कारखाना नव्हती. नारायण मेघाजी लोखंडे १८८४ मध्ये गिरणी कामगारांच्या मागण्या घेऊन उभे राहिले, तेव्हा निदान बोट दाखवायला एक कायदा होता. शेतातल्या भट्टीवाल्याकडे तेवढेही नव्हते.

१८/
मजूर टिकवायचा कसा, हा मालकाचा प्रश्न होता. पाऊस उघडल्यापासून मृगापर्यंत, सात-आठ महिने माणूस हलता कामा नये. उत्तर सापडले ते आगाऊ रकमेत. पंजाबात तिला पेशगी म्हणतात, ठाण्याकडे बयाणा, ऊसपट्ट्यात उचल. पावसाळ्यात घरात दाणा नसतो, आजारपण असते, लग्न असते. तेव्हा मुकादम पैसे देतो. हंगामात आठवड्याला फक्त खर्ची मिळते, म्हणजे जगण्यापुरते. शेवटी हिशेब होतो : पाडलेल्या विटा, वजा फुटलेल्या, वजा पावसात भिजलेल्या, वजा खर्ची, वजा बयाणा. वही मालकाची. बाकी निघाली की पुढच्या हंगामाला त्याच भट्टीवर.

१९/
हा हिशेब सर्वोच्च पातळीवर एकदा मोडला गेला, तो पाकिस्तानात. १९८८ मध्ये दर्शन मसीह या भट्टी मजुराने तिथल्या सर्वोच्च न्यायालयाला एक तार पाठवली. आपल्याला, आपल्या सोबत्यांना व त्यांच्या बायकामुलांना मालकाने डांबून ठेवले आहे आणि जिवाला धोका आहे, असा तिचा आशय. न्यायालयाने ती तारच याचिका म्हणून दाखल करून घेतली. चौकशीत पंजाबभरच्या भट्ट्यांवरील पेशगीची पद्धत उघड झाली, तिच्यावर निर्बंध आले आणि १९९२ मध्ये पाकिस्तानच्या संसदेने वेठबिगारी निर्मूलनाचा कायदा केला.

२०/
भारतात कायदा आधीच होता. ऑक्टोबर १९७५ मध्ये अध्यादेश निघाला, १९७६ मध्ये त्याचा कायदा झाला आणि वेठबिगारीतली सारी कर्जे एका फटक्यात रद्द ठरली. १९८२ मध्ये दिल्लीच्या आशियाई स्पर्धांच्या बांधकामावरील मजुरांच्या खटल्यात न्या. भगवती यांनी एक पाऊल पुढे टाकले : पोटाच्या निकडीने किमान वेतनाहून कमी मोबदल्यात करावे लागणारे काम हीसुद्धा घटनेच्या तेविसाव्या कलमाखालची सक्तीची मजुरी आहे. कागदावर यापेक्षा स्पष्ट काही लिहिता येत नाही. अडचण कागदाची नव्हतीच. तहसील कचेरीतून भट्टीपर्यंत कुणी जायचे, हा प्रश्न होता.

२१/
ठाणे जिल्ह्यात कुणी तरी गेले. कातकरी समाज मूळचा खैरापासून कात काढणारा. जंगलावर सरकारी बंधने आली, कात सुटला, मग कोळसा पाडणे आले, तेही सुटले आणि वसई, भिवंडी, पनवेलच्या वीटभट्ट्या उरल्या. मुंबई आणि तिची उपनगरे वाढली त्यात या हातांनी पाडलेल्या विटांचा वाटा मोठा आहे. १९८२ मध्ये विवेक व विद्युल्लता पंडित यांनी श्रमजीवी संघटना उभी केली आणि वेठबिगार म्हणून राबणाऱ्या आदिवासींच्या मुक्ततेचे दावे एकामागून एक गुदरले.

२२/
त्याच कार्यातून विधायक संसद या संस्थेच्या ‘भोंगा शाळा’ निघाल्या. भोंगा म्हणजे भट्टीवरच्या मजुराचे घर. विटा नुसत्या एकावर एक रचायच्या, चुना-सिमेंट काही नाही, वर पेंढा किंवा ताडपत्री, आत वाकूनच शिरायचे. हंगाम संपला की त्याच विटा गाडीत भरून विकल्या जातात. मुलांना गावच्या शाळेत जाता येत नाही, तर शाळा भोंग्यात भरवायची, इतका हा साधा विचार होता. जॉर्ज स्मिथने मुलाला भट्टीतून बाहेर काढण्याचा कायदा मागितला होता. त्यानंतर शंभरहून अधिक वर्षांनी, ठाण्यात, मुलाचे दप्तर भट्टीत आणावे लागले.

२३/
सक्ती ही केवळ दक्षिण आशियाची खासियत आहे, असा समज करून घेऊ नये. ज्या हॉफमनच्या देशात कडेभट्टी जन्मली, तिथेच १९३८ पासून बर्लिनलगतच्या ओरानिएनबुर्ग येथे साक्सेनहाउझेन छळछावणीतील कैद्यांकडून प्रचंड वीट कारखाना उभारून घेण्यात आला. हिटलर आणि श्पेअर यांच्या स्वप्नातल्या नव्या राजधानीसाठी विटा हव्या होत्या. हाम्बुर्गजवळची नॉयनगाम छावणीही एका बंद पडलेल्या वीट कारखान्यातच सुरू झाली. जड, एकसुरी, कौशल्य न मोजता करवून घेता येणारे काम हुकूमशहांना फार सोयीचे असते.

२४/
आणि चीन. २००७ मध्ये शान्शी प्रांतातल्या होंगदोंग तालुक्यातील एका भट्टीतून ३१ मजुरांची सुटका झाली. अंगावर भाजल्याच्या जखमा, मजुरीचा पत्ता नाही, पहाऱ्याला कुत्रे. त्यानंतर हरवलेल्या मुलांच्या शोधात भट्ट्यांमागून भट्ट्या धुंडाळणाऱ्या चारशे बापांच्या वतीने एक आवाहन इंटरनेटवर झळकले आणि सारा देश हादरला. छापे पडले, शेकडो माणसे सुटली, खटले चालले. समाजवादी प्रजासत्ताकात वेठबिगार सापडावेत, ही गोष्ट तिथल्या वृत्तपत्रांनाही पचवणे जड गेले.

२५/
सरकारांचे लक्ष भट्टीकडे सर्वांत जोरात गेले ते मात्र धुरामुळे. उघड्या चरातला अर्धवट जळलेला कोळसा काजळी ओकतो. ढाका, लाहोर आणि दिल्लीच्या हिवाळी हवेत तिचा वाटा आहे. भारतात १९९० च्या दशकात पत्र्याच्या फिरत्या चिमणीवर गदा आली आणि स्थिर उंच चिमण्या आल्या, म्हणजे बुलने काढून टाकलेली चिमणी शंभर वर्षांनी परत बांधली गेली. १९९९ च्या अधिसूचनेने औष्णिक वीजकेंद्रांच्या परिसरात विटांसाठी राख वापरणे बंधनकारक केले, कारण भट्टी शेताचा सर्वांत सुपीक वरचा थरच खाते.

२६/
आता चर्चा आहे ती झिगझॅग भट्टीची. विटा अशा रचायच्या की हवा सरळ न जाता नागमोडी जाईल, आगीत जास्त वेळ घोळेल आणि कोळसा पुरता जळेल. साधारण पंचमांश इंधन वाचते आणि धूर पांढुरका होतो. ही कल्पनाही जुनीच, स्वित्झर्लंडच्या याकोब ब्युरर याची, हॉफमनच्या पेटंटानंतर अवघ्या दहा वर्षांची. रुरकीच्या केंद्रीय इमारत संशोधन संस्थेने १९७० च्या दशकात ती भारतात आणली. पण कोळसा आणि मजूर स्वस्त असताना ती शिकण्याची घाई फारशा कुणाला नव्हती.

२७/
२२ फेब्रुवारी २०२२ रोजी केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाने अधिसूचना काढली. नव्या भट्ट्या झिगझॅग, उभ्या शाफ्टच्या किंवा नैसर्गिक वायूवरच्या. जुन्यांनी ठरावीक मुदतीत बदलायचे. वस्ती आणि फळबागांपासून ८०० मीटर अंतर. चिमणीची उंची किती, धुरात कण किती, सारे आकड्यांत बांधले आहे. नवी रचना अचूक लागते, म्हणून बेलदारांना आणि जलाईवाल्यांना पुन्हा शिकवण्याचे वर्ग भरतात. पथेराला नवे काही शिकावे लागत नाही. तो जमिनीवर उकिडवा बसून साचा मारतो आणि त्याचा हिशेब हजार विटांवरच होतो.